मिझोबे सानांच्या चहासमोर माझा साहेब

वॉटफर्डहून क्रॉयडनला निघालो तेव्हा माझं भाषण मनात तयार होतं. बँकेच्या नाट्यस्पर्धांतून मी पंचवीस वर्षं इन्स्पेक्टर, डॉक्टर आणि मुलीचा बाप झालो. मिझोबे सानांनी (जपानी 'सान' म्हणजे आपलं 'राव') आयुष्यभर सिनेमात तेच केलं. म्हणजे आम्ही एका पेशाचे. त्यांना भेटून दोन शब्द बोलणं माझं कर्तव्य आहे, असं मी लेकीला पटवलं होतं. केतकी चार वर्षं इथे नोकरी करते. शनिवारची झोप मोडून बिचारी माझ्याबरोबर आली.

गाडीत मी तिला माझा गाजलेला प्रवेश सांगायला घेतला. क्रॉयडनला ट्राममध्ये बसलो तरी तो संपला नव्हता. इन्स्पेक्टर दार ठोठावतो, तिथे आमचा स्टॉप मागे पडला.

"बाबा, इथे उतरायचं होतं," केतकी म्हणाली.

पुढच्या स्टॉपवरून उलटे चालत, काचेची ऑफिसं आणि न्हाव्यांची दुकानं ओलांडत आम्ही लायब्ररीमागच्या, त्यांचा कार्यक्रम होता त्या हॉलमध्ये पोचलो. माणसं जेमतेम वीस. मिझोबे सान ऐंशीच्या पुढचे, बुटके, कोपरावर ठिगळ लावलेल्या कोटातले. तिशीत ओसाकाहून लंडनला आले आणि छोट्या भूमिका करत इथलेच झाले. पडद्यावर त्यांच्या भूमिकांचे तुकडे दाखवले. वेटर, हेर, लष्करी अधिकारी, स्वयंपाकी. एकही तुकडा मिनिटाच्या वर नाही.

"मी जपानी कमी आणि चिनी जास्त वेळा झालोय," ते म्हणाले. "एका मालिकेत मेलो आणि तीन वर्षांनी तिच्यातच न्हावी म्हणून परत आलो. कुणाचीही तक्रार आली नाही."

मग त्यांनी एका छोट्या प्रवेशाचा कागद वर धरला. साहेब नोकराला सांगतो की घर विकलं, आणि नोकर चहा ओततो. साहेबाचं वाचायला कोण येईल, हा प्रश्न पुरा व्हायच्या आत माझा हात वर होता.

मी आवाज लावला. मिझोबे सान रिकाम्या किटलीतून चहा ओतत होते. मी "घर विकलं" म्हणालो तेव्हा त्यांचा हात क्षणभर थांबला, आणि मग त्यांनी कप जपून काठोकाठ भरला. पहिल्या रांगेतल्या बाईंनी डोळे पुसले. ते माझ्यामुळेच, असं समजून मी आवाज आणखी चढवला.

"दूध, सर?" ते हळूच म्हणाले. त्यांचं एवढंच वाक्य होतं. हातात कागद असूनही मला पुढचं सुचेना.

नंतर चहा आणि लिंबाचा केक होता. मी त्यांना गाठलं. "तो हात थांबवण्याची युक्ती तुम्ही कशी बसवलीत?"

"बसवली नाही," ते म्हणाले. "तुम्ही घर विकलं म्हणालात. मला वाईट वाटलं."

"आणि मी कसा वाटलो?"

त्यांनी थोडा विचार केला. "तुम्ही पुढचं वाक्य शोधत होता."

माझं भाषण मनातच राहिलं. तोंडाला काहीतरी काम हवं म्हणून मी केकचा दुसरा तुकडा घेतला.

परतीच्या गाडीत मी खिडकीबाहेर पाहत गप्प बसलो. तब्येत बरी आहे ना, असं केतकीनं दोनदा विचारलं. मग थोड्या वेळानं म्हणाली, "बाबा, एक सांगायचं होतं. ब्रॅकनेलच्या ऑफिसात आमची अख्खी टीम रिडंडंट होतेय, म्हणजे सगळ्यांच्या नोकऱ्या जातायत. माझा व्हिसा कंपनीवर आहे. दुसरी नोकरी मिळाली नाही तर परत यावं लागेल."

"कधी कळलं?"

"तीन आठवडे झाले."

मला येऊन चार आठवडे झाले होते. "आधी का नाही बोललीस?"

"तुमचं काहीतरी चाललेलं असायचं," ती म्हणाली. तिच्या बोलण्यात राग नव्हता.

माझ्या ओठांवर लगेच धीराची तीन वाक्यं आणि बँकेतला एक किस्सा आला. मी ते सगळं गिळलं. ती बोलत राहिली. रात्री झोप लागत नाही. इंटरव्ह्यूत हात गार पडतात. आईची आठवण येते. महिनाभर मी 'इंग्लंड पाहतोय' असं सगळ्यांना फोनवर सांगत होतो, आणि समोरच्या खोलीतली माझी मुलगी मला दिसली नव्हती.

वॉटफर्ड आलं तरी तिचं सांगून झालं नव्हतं, म्हणून आम्ही प्लॅटफॉर्मवरच्या बाकावर बसलो. तासाभरात माझ्या वाट्याला एकच शब्द आला, "मग?" तो मी बरा म्हटला असावा, कारण ती बोलत राहिली.