पाठमोरी चाचणी

भरतीत ‘वैद्यकीयदृष्ट्या अपात्र’ ठरलेली माणसं आमच्या ऑफिसात येतात ती लवाजमा घेऊन. बाप, मामा, शेजारचा एखादा दीडशहाणा. ही मुलगी मात्र एकटी आली आणि एकटीच येत राहिली. सव्वीस वर्षं वकीलसाहेबांच्या फायली सांभाळून मी फाटक्या तोंडाचा झालोय. पहिल्याच दिवशी विचारलं, “घरात कुणी नाही का गं?”

“आई आहे. पण तिला यातलं काही कळायला नको,” ती म्हणाली आणि अर्जावरचा घरचा पत्ता खोडून तिने आमच्या ऑफिसचा लिहिला.

अग्निशमन दलाची भरती होती. लेखी, धावणं, दोरावर चढणं, सगळ्यांत ती पास. घोडं अडलं कानात. डॉक्टर पाठीमागे वीस फुटांवर उभे राहून हळू आवाजात आकडे म्हणतात आणि उमेदवाराने भिंतीकडे बघत ते परत सांगायचे. ही दर वेळी आधी वळली, डॉक्टरांच्या तोंडाकडे पाहिलं आणि मग बरोबर आकडा सांगितला. ‘वळू नका’ म्हटल्यावरही वळली. डॉक्टरांनी लिहिलं, ओठ वाचते, ऐकू कमी येतं, अपात्र. फेरतपासणीच्या मंडळाने तोच कागद वाचून खाली सह्या ठोकल्या. यंत्रावर कान तपासायचे कष्ट कुणी घेतले नाहीत. मग हिने स्वतःच दुसऱ्या सरकारी रुग्णालयात जाऊन तपासून घेतलं, तर दोन्ही कान ठणठणीत.

“मग वळलीस कशाला?” मी वैतागून विचारलं.

तिची आई जन्मापासून बहिरी. वडील लवकर गेले, घरात दोघीच. त्या घरात पाठीमागून कुणी बोलतच नसे. बोलायचं तर समोर यायचं, तोंड दिसू द्यायचं, मग बोलायचं. चोवीस वर्षांची सवय एका दुपारी कशी सुटणार?

साहेब खूश झाले. “हेच प्रतिज्ञापत्रात घालू.”

“नको,” ती म्हणाली. “आईमुळे माझी नोकरी गेली असं कागदावर नको. ती हाती येईल ते वाचते. पुडीचा कागदसुद्धा सोडत नाही.”

तुझं डोकं फिरलंय, असं मी तोंडावर सांगितलं. तिने ते कारण वगळलेल्या प्रतिज्ञापत्रावर सही केली.

मग दीड वर्ष नुसत्या तारखा. सरकारी वकील म्हणायचे, नंतर उपचार घेऊन कान सुधारले असतील. न्यायाधीश म्हणायचे, डॉक्टरांच्या जागी न्यायालय बसू शकत नाही. डॉक्टरांनी हिला वळताना पाहिलंय, त्याचं काय? उत्तर साहेबांना ठाऊक, मला ठाऊक, आणि आम्ही दोघे मूग गिळून बसलेलो. ती मागच्या बाकावर बसायची आणि डबा जिन्यात एकटीच खायची. बोलावलं तरी यायची नाही. वयाच्या अटीत बसणारी तिची ही शेवटची भरती होती. ही हुकली तर पुन्हा अर्जसुद्धा करता येणार नव्हता.

एका सोमवारी ती आली आणि म्हणाली, “काका, आता लिहा.”

आई जाऊन आठ दिवस झाले होते. तिने आम्हाला कळवलंही नव्हतं. मी टाइप करायला बसलो आणि मला माझ्या फाटक्या तोंडाची लाज वाटली.

पुढच्या तारखेला न्यायाधीशांनी ती दोन पानं वाचली आणि दहा मिनिटांत आदेश दिला. वळण्याचं कारण पटण्यासारखं आहे आणि दोन सरकारी कागद एकमेकांशी भांडतायत, तेव्हा नव्या मंडळाने यंत्रावर तपासावं, तोवर एक जागा रिकामी ठेवावी. महिन्याभरात ती पात्र ठरली.

नेमणुकीचं पत्र आमच्याच पत्त्यावर आलं. ते घ्यायला ती आली तेव्हा मी विचारलं, “नोकरी का मिळाली नाही, काय सांगितलं होतंस आईला?”

“धावण्यात कमी पडले म्हणून.”

ती पत्राची घडी घालत राहिली.

“मग दीड वर्ष रोज सकाळी ती मला मैदानावर न्यायची. गुडघे दुखायचे तिचे, तरी घड्याळ घेऊन पलीकडच्या टोकाला उभी राहायची. शेवटी शेवटी उठवत नव्हतं, तर अंथरुणातून खुणेने सांगायची, पळणं सोडू नकोस, दोनच सेकंद राहिलेत.”