नारोपंतांचे खिसे

नारोपंत चहा पिण्याआधी कपाखालची बशी उचलून बघत. खाली काय दडवलंय कोण जाणे! दुकानदाराने सुटे पैसे दिले की एकेक नाणं दगडावर वाजवून घेत. बायको म्हणाली, भाजीत मीठ घातलंय, तर विचारत, "कोणासमोर?" असा हा इसम आमच्या मोटार सर्व्हिसचा चेकर होता. दुसऱ्या महायुद्धाआधीची गोष्ट. कर्जतहून चौकमार्गे खोपोलीला जाणारी गाडी मी चालवत असे, आणि वाटेत कुठल्या झाडाआडून पंतांची छत्री पुढे येईल याचा धसका मला कायम असे.

"ड्रायव्हर, माणूस खरं बोलतो ते दुसरं काही सुचलं नाही म्हणून," असं ते मला वरचेवर ऐकवत. गाडीत चढले की आधी उतारू मोजायचे, मग तिकिटं बघायची आणि शेवटी कंडक्टरला हुकूम, "खिसे उलटे कर." काही कंडक्टर वापरलेली तिकिटं पुन्हा विकून पैसे गिळत. म्हणून पंतांनीच शेठकडून नियम करून घेतला होता: गाडीवरच्या नोकराच्या खिशात वापरलेलं तिकीट सापडलं, की त्याच दिवशी घरी. या नियमाने दोघे गेले, आणि खरं सांगायचं तर ते दोघे चोरच होते. त्यामुळे पंतांना भलताच चेव आला होता.

मग माझ्या गाडीवरच्या कंडक्टरची, हसनची पाळी आली. हसन साजगावचा, कोकणी मुसलमान, दोन लेकरांचा बाप. बोलणं कमी, हसणं जास्त. चौकच्या थांब्यावर पंतांनी त्याला खिसे उलटे करायला लावले आणि मूठभर वापरलेली तिकिटं खाली पडली.

"हे काय?" पंतांनी विचारलं.

"पंत, डोंगरातली ठाकरं उतरताना परत देतात. त्यांना वाटतं, चिठी गाडीची हाय, काम झालं की देऊन टाकावी. एवढी जपून आणतात, त्यांच्यासमोर फेकवत नाय. खिशात टाकतो."

"आणि नंतर?"

"नंतर इसरतो."

"वा! ते परत देतात आणि तू विसरतोस. जरा बरी थाप तरी मारायचीस!"

उतारू फिदीफिदी हसले. माझ्याही मनात शंकेची पाल चुकचुकली. मी पुढे बघून गाडी हाकणारा, मागे दाराशी कोण काय देतं ते मला काय ठाऊक? हसन अल्लाची शपथ घेत राहिला. पंतांनी त्याच्या गळ्यातली पैशांची पिशवी काढून घेतली.

हसन रस्त्यावर खडी फोडायला लागला. दुसरीकडे कोण ठेवून घेणार? चोर म्हणून काढलेला ना! माझी गाडी दिसली की तो पाठ फिरवून उभा राही. मला फार वाईट वाटे, पण मेली ती शंका काही जात नसे.

पुढे एकदा नवा कंडक्टर टपावरून बोचकी उतरवत होता आणि दाराशी पंतच उभे होते. एक ठाकर म्हातारी उतरली. तिने पदराची गाठ सोडली, आतलं तिकीट पंतांच्या तळहातावर ठेवलं आणि म्हणाली, "घे दादा तुजी चिठी. फाटू नाय दिली."

दुसरा कोणी असता तर तिथेच विरघळला असता. पण पंत ते पंत! "ड्रायव्हर, हिला हसनने पढवलं असेल."

"पंत, आता मात्र हद्द झाली!" मी ओरडलोच.

मग आठवडाभर पंत स्वतः दाराशी उभे राहिले. ठाकरं उतरत आणि त्यांच्या हातात तिकीट ठेवून चालू लागत. एकाला त्यांनी दरडावून विचारलं, "हसनला ओळखतोस?"

"कोन हसन?" तो म्हणाला.

त्या दिवशी पंत कर्जतला गाडीतून उतरले ते थेट शेठच्या कचेरीत. मीही मागोमाग गेलो. पंतांनी कोटाचा खिसा शेठच्या मेजावर उलटा केला. "वापरलेली तिकिटं, शेठ. माझ्या खिशात सापडली. नियमाप्रमाणे मला घरी पाठवा, नाही तर हसनला बोलवा." शेठने तोंड वाकडं केलं, पण हसनला निरोप गेला.

हसन कामावर आला त्या दिवशी चौकला पंत गाडीत चढले, छत्री काखेत. सवयीने त्यांचं तोंड उघडलं, "खिसे..."

"आधी तुमचे, पंत," हसन शांतपणे म्हणाला.

मला वाटलं, आता होतोय भडका! पण पंतांनी छत्री बाकावर ठेवली आणि सगळ्या उतारूंदेखत एकेक खिसा उलटा केला. तपकिरीची डबी पडली, आणि घडी घातलेलं एक जुनं तिकीट.

"हे काय?" हसनने विचारलं.

"म्हातारीनं दिलेलं," पंत खाली बघत म्हणाले. "फेकवत नाही रे."