ती ओळ खाली उतरते तिथे

मी चौथी शिकलेला माणूस. मानपाड्याच्या कारखान्यात रंगाची पिंपं उचलण्यात जन्म गेला. गाण्यातलं मला काही कळत नाही, हे आधीच सांगतो.

कोपरीच्या चाळीत आमच्या शेजारी एक संगीतकार राहायचे. सगळे त्यांना मास्तर म्हणायचे. तीन मराठी सिनेमांना त्यांनी चाली दिल्या. दोन कधी आले, कधी गेले, कळलंच नाही. तिसरा ठाण्यात आठवडाभर चालला. पुढे पोटासाठी लग्नांत पेटी वाजवायचे. मी त्यांना रिकामटेकडा समजायचो. तोंडावर म्हणायचो पण.

नवी चाल झाली की मास्तर आमच्या दारात. बायको भाकऱ्या थापत असायची.

"वहिनी, एकदाच ऐका."

"तवा तापलाय भाऊजी, आटपा लवकर."

एकदाच म्हणून दाखवायचे नि जायचे. मग आठ दिवस विचारायचं नाही, नुसतं गॅलरीत कान देऊन बसायचं. काम करताना तिच्या तोंडी ती चाल आपसूक आली तर ठेवायची, नाही आली तर टाकून द्यायची. असली परीक्षा!

"माझी बायको काय उस्ताद लागून गेली?" मी एकदा विचारलेलं.

"तुम्हाला घरबसल्या मिळालीय, म्हणून कळत नाही," म्हणाले.

ही जाऊन सात महिने झाले. चेहरा फोटोत आहे. आवाज कुठेच नाही. मागल्या महिन्यात भांडी घासताना तिचा आवाज आठवायला गेलो, तर आठवेचना. जाम घाबरलो. मास्तर आता कल्याणला लेकीकडे असतात. तडक गेलो.

"मास्तर, तुमच्याकडे टेप होता. हिचा आवाज कधी भरून ठेवलात का?"

"नाही हो. टेप समोर ठेवला असता तर त्या जपून गायल्या असत्या."

मी उठलो. "बसा," म्हणाले. पेटी ओढली. त्या तिसऱ्या सिनेमातलं गाणं वाजवलं. दुसऱ्या ओळीच्या शेवटी थांबले.

"माझी चाल इथे वर जायची. आठ दिवसांनी ऐकतो तर वहिनी खाली उतरत होत्या. भाकरी थापताना दम पुरत नसेल. म्हटलं, हेच खरं. स्टुडिओत गाणाऱ्या बाईंनाही तसंच गायला लावलं."

मग दोन्ही वाजवून दाखवलं. आधी त्यांचं, मागून हिचं. अंगावर काटा आला माझ्या. पीठ थापता थापता जरा थांबून ती अशीच श्वास सोडायची. मी जन्मभर शेजारी बसून जेवलो, आणि ऐकलं या माणसाने.

"तिला सांगितलेलं तुम्ही?"

"सांगितलं ना. म्हणाल्या, चुकलं असेल भाऊजी, लक्ष नव्हतं माझं."

अगदी तिचंच बोलणं. मी हसलो, आणि मग हसता येईना.

सुनेने मोबाईलवर ते गाणं शोधून दिलं. खाली मास्तरांचं नावसुद्धा नाही. सकाळी चहा ठेवला की लावतो. गाणारी बाई दुसरीच आहे. पण दुसऱ्या ओळीच्या शेवटी ही उतरते. तेवढं ऐकतो, आणि परत पहिल्यापासून लावतो.