बोटीवरून घरी आलेला राउटर

अनंताकाका आमच्या बोटीचा तांडेल. वेसाव्यातून बोट निघाली की त्याचा शब्द शेवटचा. जाळं कुठे टाकायचं, मागे कधी फिरायचं, हे तो ठरवतो आणि खलाशी ऐकतात. बाबा गेल्यावर घरातही तेच झालं. दहावीनंतर पुतळाबाई काकी मला बाजारात सोबतीला बसवणार होती. काका म्हणाला, पोर कॉम्प्युटर शिकेल. विषय संपला.

आमच्या गल्लीत केबलचं इंटरनेट पोचलेलं नाही आणि घरात फोनला रेंज नसते. सिमकार्डवर चालणारा एकच राउटर आहे, तोही मासेमारीच्या दिवसांत बोटीवर असतो. परतताना किनारा जवळ आला की काका त्यावरून काकीला बाजारभाव विचारतो आणि मासळी कुठे उतरवायची ते ठरवतो. पावसाळ्यात मासेमारी बंद झाली, बोट शाकारली, की राउटर घरी येतो; त्याचा अँटेना मोठा, म्हणून घरातही त्याला रेंज मिळते.

गेल्या जुलैत मला नेटवर्क सपोर्टच्या नोकरीसाठी व्हिडिओ मुलाखतीचं बोलावणं आलं. माझी पहिलीच मुलाखत. आदल्या दुपारी त्यांची लिंक उघडून पाहिली, तर पान उघडेना. बातम्या दिसत होत्या, मेल येत होता, फक्त तेवढंच नाही. रिचार्ज तपासला, राउटर बंद-चालू केला, माळ्यावर नेऊन ठेवला. शेवटी फोन घेऊन धक्क्यावर गेले. तिथे फोनच्या नेटवर तेच पान लगेच उघडलं. म्हणजे लिंक बरोबर होती, घोळ राउटरमध्ये होता. आपण साइटचं नाव टाकतो तेव्हा तिचा पत्ता शोधून देणारा एक सर्व्हर असतो, त्याला डीएनएस म्हणतात. आमचा राउटर ज्या सर्व्हरला विचारत होता, तो हा पत्ता सांगायलाच तयार नव्हता.

काका धक्क्यावरच जाळं तुणत बसला होता. त्याला विचारलं, तर हातातली सुई न थांबवता त्याने सगळं सांगितलं. परतीच्या वाटेवर खलाशी सिनेमे बघत सगळा डेटा संपवायचे आणि भाव विचारायच्या वेळी नेट नसायचं. म्हणून त्याने मोबाइलच्या दुकानातल्या मिथुनकडून व्हिडिओ बंद करून घेतले होते. मिथुनने व्हिडिओच्या साइटचे पत्तेच न सांगणारा डीएनएस घालून दिला होता. बोटीवर ते झकास चाललं. घरी आल्यावर ते बदलायला हवं, हे कुणाच्या डोक्यातच आलं नाही. सिनेमांबरोबर माझी मुलाखतही अडली होती.

मी घुटमळले. तांडेलने लावून ठेवलेली वस्तू आमच्याकडे कोणी हलवत नाही. तरी भीत भीत म्हटलं, काका, तो बदलावा लागेल, आणि पासवर्ड तुझ्याकडे आहे.

"बोटीवर हाय का तो आता?" त्याने विचारलं.

"नाही. घरी आहे."

"मग मना कशाला इचारतेस? घरान तू तांडेल."

पासवर्ड म्हणजे बोटीचंच नाव होतं. घरी येऊन राउटरचं सेटिंग उघडलं. मिथुनने घातलेले डीएनएसचे आकडे लिहून ठेवले, कारण मासेमारी सुरू झाली की ते परत घालायचे होते. मग ते काढून सिमकंपनीचा डीएनएस आपोआप येईल असं केलं आणि राउटर पुन्हा चालू केला. पान उघडलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी काकाने घरातले सगळे फोन गोळा करून मासळीच्या रिकाम्या टोपलीत टाकले, नेट फक्त माझ्यासाठी राहावं म्हणून. काकी सुक्या मासळीच्या ऑर्डरी फोनवर घेते. ती वैतागली.

"मी काय खलाशी हाय तुमचा?"

"आज हाय," काका म्हणाला, आणि टोपली मांडीवर घेऊन उंबऱ्यावर बसला.

मुलाखत संपून बाहेर आले तेव्हा तो तसाच बसलेला होता. कशी झाली ते विचारलं नाही. ज्याचा त्याचा फोन ज्याच्या त्याच्या हातात दिला आणि मला म्हणाला, आधी जेवून घे.

नोकरी मिळाली. आता मी अनोळखी लोकांच्या घरचे राउटर फोनवरून ठीक करते. काका धक्क्यावर सांगत सुटला आहे की आमची दिपाली अख्ख्या मुंबईचं नेट चालवते. मी हसते, पण त्या दुपारचा विचार येतोच. जाळं तुणता तुणता तो नुसतं "राहू दे" म्हणाला असता, तर मी मुकाट्याने घरी आले असते. त्याच्या शब्दापुढे बोलायची आमच्याकडे कुणाला सवयच नाही. तो तसं म्हणाला नाही.