हेंकचं जाहीर मरण

हेंक हा हॉलंडचा सिनेनट. निदान त्याचं म्हणणं तसं होतं. बायकोला अबुधाबीच्या बँकेत नोकरी लागली म्हणून हा इथल्या खलिफा सिटीत राहायला आला आणि शूटिंगला येणाऱ्या हिंदी सिनेमांत गोरा शत्रू म्हणून मरू लागला. कधी गोळी लागून, कधी गच्चीवरून पडून, एकदा तर चक्क उंटाखाली. मरण्यात त्याने कधी कसूर केली नाही. पण कॅमेरा हटकून हिरोवर! बिचाऱ्याचं तोंड काही दिसायचं नाही.

त्याची म्हातारी आई तिकडे टीव्हीला नाक लावून सिनेमा बघायची आणि फोनवर विचारायची, "बाळा, यात तू कुठला?" हेंकला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं.

अशात शेजारच्या उर्मिलाताईंनी त्याला मराठी मंडळाच्या नाटकात काम देऊ केलं. वेंगुर्ल्याच्या वखारीतला डच व्यापारी, पहिल्याच अंकात मरणारा. हेंकने एकच अट घातली: मरताना तोंड प्रेक्षकांकडे. मग आईला विमानाने बोलावून त्याने पहिल्या रांगेत बसवलं. आज तरी तिला आपण दिसलो नाही, तर नट म्हणवून घेणं सोडायचं, असं त्याने मनाशी ठरवलं होतं.

तलवार लागली. हेंक असा काही रंगून मेला की सभागृहातून आरोळी उठली, "वन्स मोअर!" आवडलेलं गाणं पुन्हा मागायची आपल्या प्रेक्षकांची जुनी खोड, मरण मागितलेलं मात्र उर्मिलाताईंनीही पहिल्यांदाच ऐकलं. हेंकला वाटलं, आपलं काहीतरी चुकलं. तो गप्प पडून राहिला.

विंगेतून उर्मिलाताई ओरडल्या, "हेंक हबीबी, पब्लिक लव्हज इट! यल्ला, चल, डाय अगेन!"

हेंक उठला, मेला. पुन्हा आरोळी. तिसऱ्या खेपेला मात्र त्याने आयुष्यभराची हौस फेडून घेतली. अडखळला, वखारीच्या खांबाला मिठी मारली, आईकडे डोळे भरून बघितलं आणि धाडकन कोसळला. लोक ओरडत राहिले, तरी उठेना. इतकं सुखाचं मरण सोडवत नव्हतं त्याला.

पहिल्या रांगेत म्हातारीचा धीर सुटला. दोनदा उठलेला पोरगा आता का उठत नाही? "हेंक! माझा हेंक!" असा आपल्या भाषेत टाहो फोडत ती पायऱ्या चढून रंगमंचावर आली आणि त्याचं डोकं मांडीवर घेऊन रडू लागली. हेंकने हळूच एक डोळा उघडला. "आई, नाटक आहे गं."

तिने त्याच्या खाडकन थोबाडीत मारली आणि लगेच त्याला छातीशी कवटाळलं.

अख्खं सभागृह उभं राहिलं. "वन्स मोअर!"

एव्हाना म्हातारीलाही हा रिवाज कळला होता. तिने डोळे पुसले, हात उगारला, आणि हेंकने आनंदाने दुसरा गाल पुढे केला.