कागदभर फट

शैलाताईंना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्या एका नव्या रुग्णवाहिकेच्या छताला लटकत होत्या. सलाइनची बाटली अडकवायची दांडी दोन्ही हातांनी धरून त्यांनी पाय पोटाशी घेतले होते. पन्नाशीची बाई, अंगानं चांगली भरलेली, पदर कमरेला खोचलेला, डोळे मिटलेले. मी दाराशी उभी. मला वाटलं, यांना काही झालं की काय. तेवढ्यात त्या खाली उतरल्या, तळवे झटकले आणि म्हणाल्या, "गाद्या शिवनारी तूच का? ये. चपला बाहीर काढ, आत आजारी मानूस झोपनार हाय."

शिरूरच्या बाहेर, न्हावऱ्याच्या रस्त्याला त्यांची शेड होती. रिकामी व्हॅन यायची आणि आम्ही तिची रुग्णवाहिका करून द्यायचो. आतल्या भिंती, कपाटं, स्ट्रेचरचा पाया, बसायची बाकं, सगळं तिथंच व्हायचं. ताई जवळच्याच निमोणे गावच्या. घरी फुलशेती, पण या मुलीनं मशीनचा डिप्लोमा केला, बरीच वर्षं कारखान्यात काढली आणि मग धाकट्या भावाला, रमेशला, बरोबर घेऊन ही शेड टाकली. लग्न केलं नाही, आणि त्याबद्दल कुणी विचारलेलं त्यांना चालत नसे.

स्वभावानं त्या गरीब वगैरे अजिबात नव्हत्या. आपल्याला काम कळतं हे त्यांना पुरतं माहीत होतं आणि ते समोरच्यालाही कळावं अशी त्यांची इच्छा असे. मी केलेलं पहिलंच बाक त्यांनी उचकटून माझ्यापुढं ठेवलं. मी गादीचा तळ प्लायवूडला साध्या स्क्रूनं बसवला होता. त्यांचं म्हणणं असं, की गादी धुवायला दर आठवड्याला काढणार, परत लावणार. चार वेळा झालं की भोकाचा भुसा होणार आणि स्क्रू नुसता गरागरा फिरणार. मग त्यांनी डब्यातून पितळेचा एक ठेंगणा तुकडा काढला. बाहेरून रुंद, धारदार आटे, ते लाकडात रुतायला. आतून बारीक आटे, ते बोल्टसाठी. इन्सर्ट म्हणायचं त्याला. बाहेरच्या आट्यांना त्यांनी मेणबत्ती घासली आणि तो हलक्या हातानं वळवत प्लायमध्ये असा उतरवला की वर पितळेची फक्त कड दिसत राहिली.

"काठापासनं लांब घ्यायचं, न्हाईतर प्लाय फुटतो," त्या म्हणाल्या. "आन् भोक नीट मोजून पाड. भोक मोठं झालं की मानूस खोटं बोलायला लागतो."

याचा अर्थ मला पुढं कळला. भोक मोठं झालं की लोक त्यात गोंद भरतात, वरून रेक्झिन ताणतात आणि काही झालंच नाही असं दाखवतात. शेडमध्ये तसं कुणी केलेलं सापडलं की ताई एक शब्द न बोलता ते सगळं काम सुटं करून टाकायच्या. त्यांच्या ओरडण्यापेक्षा त्या गप्प बसण्याची आम्हाला जास्त धास्ती वाटायची.

रुग्णवाहिकेच्या भिंतीचा पत्रा पातळ असतो. त्याला आटे पाडता येत नाहीत. वेढा-दीड वेढ्यात पत्राच संपतो. म्हणून तिथं वेगळा इन्सर्ट लागतो. पोकळ नट भोकात घालायचा आणि हत्यारानं आतून ओढायचा. ओढला की तो पत्र्याच्या मागं फुगतो आणि पत्र्याला दोन्ही बाजूंनी चिमटीत धरतो. मात्र पत्रा जेवढा जाड, त्या मापाचाच नट लागतो. "आपन न्हाई धरत, मंदा," ताई मला सांगायच्या. "पत्रा धरतो. त्याला झेपंल असंच त्याच्या हाती द्यायचं."

ज्या दिवसाबद्दल सांगायचं आहे, त्या दिवशी दुपारी ताई एका नव्या गाडीत ऑक्सिजनच्या मोठ्या सिलिंडरचं ब्रॅकेट बसवत होत्या. मी मागं बाक लावत होते. पाना फिरल्याचा आवाज येत होता आणि तो थांबतच नव्हता. बोल्ट कसला की आवाज जड होतो, मग बंद होतो. हा हलकाच राहिला. मी वळून पाहिलं. ताई पाना सोडून बोटानं बोल्ट फिरवत होत्या आणि बोल्टबरोबर पत्र्यातला नटही फिरत होता.

त्यांनी नटांचा खोका मागितला. एक नट जुन्या नटाशेजारी हातावर ठेवला. तोच रंग, तेच आटे, तीच कड. फक्त खालचा दांडा किंचित लांब होता. जाड पत्र्यासाठीचा तो नट. पातळ पत्र्यात तो मागं फुगायचा खरा, पण पत्र्याला टेकायचा नाही. मध्ये कागदभर फट राहायची. नेहमीचा माल मिळाला नाही म्हणून रमेशनं हा आणला होता, आणि आटे जुळतात म्हटल्यावर कुणालाच शंका आली नव्हती.

ताई खाली बसल्या. मग हळू आवाजात म्हणाल्या, "दौंडच्या गाडीला हेच लागलेत."

ती गाडी आठवड्यापूर्वीच गेली होती. दौंडच्या एका संस्थेच्या दवाखान्याची. तिचं ब्रॅकेट ताईंनी नेहमीसारखं स्वतः ओढून पाहिलं होतं, भिंतीला पाय लावून, सगळं वजन टाकून. ते तसूभर हललं नव्हतं. ओढून पाहिलं तर ते हलणार नव्हतंच, कारण मागं फुगलेला नट बाहेर येत नाही. पण तो फिरतो. त्या गाडीत भोकातल्या ताज्या रंगानं त्याला धरून ठेवलं असणार. रस्त्यावरच्या हादऱ्यांनी रंग सुटला की बोल्ट एकेक करून ढिले होणार. आणि ते सिलिंडर म्हणजे लोखंडाचा ओंडका. करकचून ब्रेक लागला की ते सरळ स्ट्रेचरवरच्या माणसाच्या डोक्याकडं येणार.

रमेश म्हणाला, "आक्का, उगं घाबरवू नको लोकांना. सोमवारी सर्विसिंगला बोलव, गुपचूप बदलून देऊ."

ताईंनी फोन हातात घेतला होता, पण लावत नव्हत्या. अंगठा नुसता काचेवर टेकलेला. मग त्यांनी फोन लावला. पलीकडून त्या गाडीच्या ड्रायव्हरनं, बबननं, उचलला आणि तरीही त्या क्षणभर बोलल्याच नाहीत. तो हॅलो हॅलो करत होता.

"बबन, गाडी कुठंय?"

गाडी दवाखान्याच्या दारात होती. दम लागलेल्या एका म्हाताऱ्या आजोबांना आत चढवलं होतं, ऑक्सिजन सुरू होता, पुण्याला हलवायचं होतं आणि दुसरी गाडी मिळत नव्हती. डॉक्टर कागद करत होते, दोन मिनिटांत गाडी निघणार होती.

"माज्या हातनं चूक झालीय," ताई म्हणाल्या. "सिलिंडरचं ब्रॅकेट सुटू शकतं. हात लावून बघ."

बबन मागं गेला. परत आला तेव्हा त्याचा आवाज बदलला होता. वरचा भाग हलत होता.

आता काय सांगणार? थांबवावं तर आजोबा पुण्याला पोचणार नाहीत. जाऊ द्यावं तर ते सिलिंडर. सिलिंडर खाली आडवं बांधायला त्याच्याकडं पट्टे नव्हते. ताईंनी त्याला एकेक गोष्ट सावकाश सांगितली. आहे ती दोरी वरच्या बाजूला आवळ. सिलिंडरसमोर कुणाला बसवू नकोस. बैलगाडी हाकल्यासारखा चालव, ब्रेक मारायची वेळ येऊ देऊ नकोस. चौफुल्याला आम्ही येतोय. मग त्यांनी आवळायचे पट्टे उचलले, माझ्याकडं एक टाकला आणि पिकअपकडं निघाल्या. रमेश ड्रायव्हरच्या जागेवर जाऊन बसला.

न्हावऱ्याचा रस्ता मी त्याआधी आणि नंतर कितीदा केला असेल, पण त्या दिवसाइतका लांब तो मला कधी वाटला नाही. रमेश ओव्हरटेक करत होता, उसाच्या ट्रॉलीमागं अडकला की स्टिअरिंगवर मूठ आपटत होता. ताई मध्ये बसल्या होत्या. फोन कानाशी, बबन बोलत नव्हता, पण फोन चालू होता. त्याच्या गाडीच्या इंजिनाचा आवाज त्या ऐकत होत्या. मध्येच एकदा पलीकडं खळ्ळकन काही वाजलं आणि त्यांनी माझं मनगट धरलं. बबन म्हणाला, खड्डा होता. त्यांनी मनगट सोडलं नाही.

चौफुल्याला पोचलो तर गाडी रस्त्याच्या कडेला उभी होती आणि आजोबांचा मुलगा बबनच्या अंगावर ओरडत होता, की गाडी थांबवलीच का. ताई त्याच्या बाजूनं वाट काढून आत चढल्या. रमेश ड्रिल मशीन घेऊन मागोमाग गेला, तर त्यांनी त्याला हातानंच परतवला. आत ऑक्सिजन सुरू आहे, ठिणगी उडवायची नाही, एवढंच म्हणाल्या. म्हणजे नवे नट बसवायचा प्रश्नच नव्हता. रमेश आणि बबननं सिलिंडर उचललं, ताईंनी नळी धरली, आणि आजोबांच्या तोंडावरचा मास्क जराही न हलवता ते खाली स्ट्रेचरच्या पायाशेजारी आडवं निजवलं. तो पाया गाडीच्या सांगाड्याला आरपार बोल्टनं बांधलेला होता. त्याला पट्टे आवळले. आजोबा हे सगळं उघड्या डोळ्यांनी बघत होते. त्यांच्या छातीचा भाता वरखाली होत होता.

"चल," ताई बबनला म्हणाल्या, पण स्वतः उतरल्या नाहीत. जमिनीवर बसल्या, पाठ कपाटाला, दोन्ही पाय सिलिंडरला लावून.

आजोबांचा मुलगा त्यांच्या पायाशी बसला, मी पुढं बबनशेजारी, आणि रमेश पिकअप घेऊन मागून निघाला. मधल्या काचेतून मला ताईंचा चेहरा दिसत होता. यवतच्या अलीकडं एक ट्रॅक्टर डाव्या हाताच्या रस्त्यावरून एकदम आडवा आला. बबननं टाळायचा प्रयत्न केला, मग दोन्ही पायांनी ब्रेक दाबला. मागं लोखंड आदळल्याचा मोठा आवाज झाला. मी वळले तेव्हा भिंतीवरचं रिकामं ब्रॅकेट, आट्यांतून सुटलेल्या चारही बोल्टांसकट, आजोबांच्या उशाशी पडलं होतं. सिलिंडर जागचं हललं नव्हतं. आजोबा श्वास घेत होते. ताईंनी हात लांब करून ब्रॅकेट उचललं आणि पुण्यापर्यंत ते मांडीवर धरून ठेवलं.

हॉस्पिटलमध्ये आजोबांना आत नेल्यावर त्यांचा मुलगा बाहेर आला. आता त्याचा राग गेला होता. तुम्ही देवासारख्या धावून आलात, बाई, असं तो म्हणाला, आणि वाकून पाया पडायला लागला. ताईंनी त्याला दंडाला धरून उभं केलं.

"मी देव न्हाई. ही गाडी मीच बनवलीय. जे पडलं ते मीच बसवलं होतं."

त्याला समजायला थोडा वेळ लागला. मग तो म्हणाला, "म्हणजे माझा बाप तुमच्यामुळं मेला असता."

"व्हय," ताई म्हणाल्या.

तो वळला आणि आत गेला. आम्ही तिघं पिकअपनं परत निघालो. लोणीला चहा घेतला तेव्हा ताईंना कप धरता येईना. इतका वेळ ब्रॅकेट आवळून धरल्यानं बोटं आखडली होती. रमेशनं कप धरला आणि त्यांनी दोन घोट घेतले. तेव्हाच तो म्हणाला, "आक्का, खोका मी आनला होता. तू माजं नाव घ्यायला पायजे होतं." त्या म्हणाल्या, "खोका तू आनला. उघडला मी."

दुसऱ्या दिवशी त्या दौंडला जाऊन संस्थेच्या लोकांना सगळं सांगून आल्या. पुढच्या गाड्यांचं काम संस्थेनं आमच्याकडून काढून घेतलं. आजोबा बरे होऊन घरी गेले, हे आम्हाला बबनकडून कळलं. शेडमध्ये ताईंनी त्यानंतर एक नवा नियम केला. नटांचा नवा खोका आला की त्यातला एक नट टाकाऊ पत्र्यात बसवायचा, पत्रा कापून मागची बाजू सगळ्यांनी बघायची, आणि मगच खोका वापरायचा. "ओढून कळतं ते अर्धंच," त्या म्हणायच्या, आणि हे म्हणताना त्यांच्या आवाजात पूर्वीचा तोरा नसायचा. मला तो तोरा आवडायचा. तो परत आला नाही.

काही वर्षांनी त्यांना कॅन्सर झाला. शेड रमेशकडं आली आणि त्या निमोण्याला राहायला गेल्या. मी दौंडला माझं गाद्यांचं दुकान टाकलं होतं, तिथून त्यांना भेटायला गेले. अंगणात शेवंतीचा ढीग पडला होता, दोघी बाया फुलं निवडत होत्या आणि ताई खाटेवर बसून त्यांना सूचना देत होत्या. फार वाळल्या होत्या. बोलता बोलता चौफुल्याचा विषय निघाला. मी म्हटलं, त्या दिवशी मला सगळ्यात जास्त भीती यवतला वाटली, तुम्हाला कुठं वाटली?

त्यांनी उशीला पाठ टेकली. मला वाटलं, थकल्या. मी उठायला लागले.

"शेडमधी," त्या म्हणाल्या. "बबननं फोन उचलला ना, तवा. सोमवारी सर्विसिंगला ये, हे माज्या तोंडात आलं होतं, मंदा. अगदी जिभेवर."

त्यांनी मला खाटेवर जागा करून दिली आणि मी पुन्हा बसले. संध्याकाळची दौंडची गाडी येईपर्यंत आम्ही दोघी तशाच बसून होतो. ती आमची शेवटची भेट.