जळका वॉफल

साखर जळल्याचा वास आला की माझं मोडलेलं स्थळ आठवतं. नव्वदच्या सुमारास कोन गावाहून मुलीचे मामा मला बघायला भिवंडीत आले होते. पोहे म्हणजे गावठीपणा, असं समजणाऱ्या माझ्यासारख्या दीडशहाण्याने दुबईहून आलेलं नाश्त्याचं रंगीत, गोड सीरियल पिठात कालवलं आणि खोक्यावरच्या चित्रातले वॉफल, म्हणजे चौकटी-चौकटींचे जाड घावन, करायला गॅसच्या सँडविच टोस्टरमध्ये भरलं. साखर करपून टोस्टर उघडेनाच. शेवटी मामांनीच पकडीने तो उचकटला आणि आतला कोळसा आईपुढे धरला. “पोरगा शिकलेला हाय म्हणून आलो, वहिनी. ह्याला खायचं काय न् जाळायचं काय, तेवढंबी कळत न्हाय.” मग आईच्या पोह्यांच्या दोन बशा संपवून ते गेले, ते कायमचे. पुढच्या स्थळाच्या वेळी आईने पोहे होईपर्यंत मला गच्चीवर बसवून ठेवलं आणि लग्न जमलं. बायको अजूनही माझ्या हातात गॅसचा लायटर देत नाही.